एजन्सीला काम दिलं, मग पंधरा तारीख कोणाची?

मागच्या अंकात जाताजाता एक वाक्य लिहून गेले होते, की वीस-पंचवीस माणसांच्या कारखान्यानं पगारपत्रकासाठी पूर्णवेळ माणूस ठेवण्यापेक्षा ते काम बाहेर दिलेलं परवडतं. त्यावर इतके मेसेज आलेत की बास. एका भाऊंनी तर भांडणच काढलंय, ‘ताई तुम्हाला काय जातंय सांगायला, निस्तरायला आम्ही आहोत’ म्हणून. त्यांचंही चुकलं नाही म्हणा. सगळ्यांना उत्तर देणं शक्य नाही, सात प्रश्न घेतलेत. नावं मुद्दाम काढून टाकलीत, कारण नाशिकच्या सातपूर-अंबडला सगळे सगळ्यांना ओळखतात.

प्रश्न : ताई, आमचं सीएनसीचं मशीन शॉप आहे, ३४ कामगार, दोन शिफ्ट. हजेरी, पगार, पीएफ सगळं मिसेस बघते, ती आता वैतागलीये. एका एजन्सीनं माणशी १८० रुपये महिना अधिक जीएसटी असा रेट दिलाय, म्हणतात सगळं आमच्यावर सोडा. सोडू का? (अंबड)

दादा, आधी हिशोब. ३४ गुणिले १८० म्हणजे ६,१२०, त्यावर १८ टक्के जीएसटी धरला तरी सव्वासात हजाराच्या आतच, आणि तो जीएसटी तुम्हाला क्रेडिटमधे परत मिळतो. एवढ्या पैशात आज अंबडमधे पूर्णवेळ क्लार्क सोडा, अर्धवेळ मिळायची मारामार. तेव्हा रेट ठीक आहे, वहिनींना मोकळं करा. पण ते ‘सगळं आमच्यावर सोडा’ जे आहे ना, ते मला खटकलं. सगळं म्हणजे नक्की काय काय, ते कागदावर लिहून मागा. मस्टरवरून पगारपत्रक, स्लिपा, पीएफचा ईसीआर (कुणाचे किती भरायचे त्याची महिन्याची फाईल), ईएसआयचं म्हणजे कामगार विम्याचं चलन, प्रोफेशनल टॅक्स, जून-डिसेंबरचा कामगार कल्याण निधी, एवढं सगळेच करतात. बोनसचा हिशोब कोण करणार, ग्रॅच्युइटीचा कोण, इन्स्पेक्टर आला तर कोण उभं राहणार आणि त्याचे वेगळे पैसे का, हे विचारलं की मग समोरच्याचा आवाज जरा बारीक होतो.

एजन्सीचा खरा कस दोन ठिकाणी लागतो, माणूस आत येताना आणि माणूस बाहेर जाताना. मधले महिने काय, मागच्या महिन्याची फाईल पुढं ढकलायची असते. आत येताना म्हणजे काय तर मुलगा तीन तारखेला जॉइन झाला, आणि एजन्सी म्हणते आम्ही नवीन नावं महिनाअखेरीला एकदम टाकतो. अकरा तारखेला त्याचं बोट टूलखाली गेलं तर? मशीन शॉपमधे याला वेळ लागत नाही. ईएसआयचा नंबरच निघालेला नाही, सातपूरच्या कामगार रुग्णालयात नेऊन काय सांगणार? मग अपघातानंतर संध्याकाळी घाईघाईनं नंबर काढायचा, तारखा जुळत नाहीत, चौकशी लागते, आणि भरपाईचा बोजा मालकावर येतो. म्हणून २१ हजारापर्यंत पगार असलेला प्रत्येक माणूस, मशीनला हात लावायच्या आधी नंबर, हे करारात लिहून घ्या. आता पीएफचा नवीन यूएएनही (माणसाचा पीएफचा कायमचा नंबर) उमंग ॲपवर चेहरा दाखवून निघतो, म्हणजे माणूस समोर असतानाच ते उरकलेलं बरं, नंतर त्याचा फोन लागत नाही. आणि बाहेर जाताना एक्झिट डेट, म्हणजे पीएफच्या पोर्टलवर नोकरी सोडल्याची तारीख. ती टाकली नाही तर पोराचे पैसे काढताना नाहीतर दुसरीकडे नेताना अडतात, मग तो वर्षभर तुमच्या गेटवर चकरा मारतो आणि शिव्या एजन्सीला नाही, तुम्हाला बसतात.

आता मुख्य गोष्ट, हजेरी. मी टाइम ऑफिसला लागले त्याला आता खूप वर्षं झाली, पण एक सकाळ अजून डोळ्यासमोर आहे. पावणेसात वाजलेत, पहिली शिफ्ट आत येतीये, लेथवरचे एक काका पंचिंग मशीनवर अंगठा टेकवतायत. मशीन म्हणतं प्लीज ट्राय अगेन. काकांनी अंगठा शर्टाला पुसला, परत टेकवला, फुंकर मारली, परत टेकवला, दुसरा अंगठा लावून बघितला, मागं दहा-बारा जणांची रांग चुळबुळ करतीये. वीस वर्षं कूलंटमधे आणि बरमधे (धातूच्या चुऱ्यात) हात घालून अंगठ्याच्या रेषाच राहिल्या नव्हत्या हो! शेवटी सुपरवायझर म्हणाला, जा काका, मी वहीत लिहितो. आणि ती वही पगार करणाऱ्यांकडे कधी गेलीच नाही, त्यांच्याकडे फक्त मशीनचा डेटा, त्यात काका नऊ दिवस गैरहजर. सात तारखेला पगार हातात पडल्यावर काका काही बोलले नाहीत, दुसऱ्या दिवशीपासून आलेच नाहीत. त्यांच्यासारखा थ्रेडिंगवाला माणूस शोधायला त्या मालकाला मग किती नाकदुऱ्या काढाव्या लागल्या ते तो जाणे.

एजन्सीला तुमचे काका माहीत नसतात, तिला ओळी माहीत असतात. ओटी (ओव्हरटाइम) कुणी केला, कुणाची सुट्टी तोंडी मंजूर झाली, पोळ्याला कुणी पाच हजार उचल घेतली आणि महिन्याला किती कापायचे ठरलंय, हे तुमच्याच घरात राहणार. तेव्हा वहिनींना पूर्ण सोडवू नका, महिन्यातून दोन संध्याकाळ ठेवा. पहिली, हजेरी बंद करून पाठवायच्या आधी मशीन आणि वही शेजारी ठेवून बघायची. दुसरी, पगारपत्रक आलं की बँकेत टाकायच्या आधी चौतीस नावांवरून नजर फिरवायची. त्यांना कोण किती वेळा आलं ते पाठच असेल, चूक दोन मिनिटात दिसेल.

आणि हो, तुमच्या पगाराची फोड जुनी असेल तर ती बदलून घ्या. बेसिक चिमूटभर आणि बाकी वॉशिंग अलाउन्स, कन्व्हेयन्स, स्पेशल अलाउन्स अशी जी पद्धत होती ती २१ नोव्हेंबर २०२५ ला लेबर कोड (नवे कामगार कायदे) लागू झाल्यापासून चालत नाही, भत्ते एकूण रकमेच्या निम्म्यावर गेले की वरचा भाग वेतनातच धरला जातो. ‘आम्ही सगळीकडे असंच करतो’ असं म्हणणारी एजन्सी असेल तर चहा पाजून निरोप द्या.

प्रश्न : आमचा कन्सल्टंट दर महिन्याला व्हॉट्सॲपवर पीएफच्या चलनाची पीडीएफ पाठवायचा आणि आम्ही त्याच्या खात्यावर पैसे टाकायचो. आता पीएफ ऑफिसची नोटीस आलीये, सात महिने काहीच भरलेलं नाही. त्याचा फोन बंद. आम्ही एकदा दिलेत, परत का भरायचे? (सातपूर)

तुमचा राग कळतोय, तरी उत्तर कडू आहे. परत भरायचे. पीएफ ऑफिसच्या लेखी तो कन्सल्टंट कुणीच नाही, पीएफचा कोड नंबर तुमच्या कंपनीचा, पगारातून कापलेत तुम्ही, भरायचे तुम्ही. उशिराबद्दल वर्षाला १२ टक्के व्याज लागतं, शिवाय दंड, तो जून २०२४ पासून थकबाकीच्या महिन्याला १ टक्का असा आहे. कामगाराच्या पगारातून कापलेला हिस्सा भरला नाही तर तो नुसता उशीर धरत नाहीत, विश्वासघाताच्या गुन्ह्यात मोडतो, त्यामुळे आधी तो भाग भरून टाका. तुमच्या सीएलाही आजच सांगा, कारण कामगाराचा हिस्सा मुदतीनंतर भरला तर इन्कम टॅक्समधे त्याची वजावट अडकू शकते, सुप्रीम कोर्टानं ऑक्टोबर २०२२ मधे ती मिळत नाही असं सांगितलं होतं, तुमच्या वर्षाला काय लागू आहे ते सीएलाच विचारा. कन्सल्टंटवर पोलीस तक्रार जरूर करा, बँकेचे सगळे व्यवहार जोडा, पण ती तुमची आणि त्याची भानगड, तिच्यासाठी पीएफ ऑफिस थांबणार नाही.

आता गंमत बघा (गंमत म्हणवत नाही खरं तर). त्यानं पाठवलेली चलनं बहुतेक खोटी नसतीलच! पीएफचं काम असं चालतं, की आधी ईसीआरची टेक्स्ट फाईल अपलोड होते, ती तीच ती चिन्हं मधे मधे असलेली लांबलचक ओळींची, मग त्यावरून चलन तयार होतं, आणि मग ते चलन भरायचं असतं. तयार झालेलं चलन म्हणजे नुसतं बिल. हॉटेलचं बिल टेबलावर आलं म्हणून ते दिलं गेलं असं होतं का? तुम्हाला सात महिने बिलं दाखवली गेली आणि तुम्ही ती पावती समजलात.

हसत नाहीये मी, माझ्या हातूनही हे झालंय. सुरवातीच्या काळात एका क्लायंटचं चलन मी १४ तारखेला तयार करून मेल केलं, त्यांना वाटलं मी भरलं, मला वाटलं ते भरतील, आणि १९ तारखेला कशाला तरी पोर्टल उघडलं तर ते तसंच लटकलेलं. दंडाचे पैसे मी खिशातून भरले, रक्कम फार नव्हती, पण त्या मालकांनी काही न बोलता नुसतं बघितलं ना, ते लागलं. त्यानंतर मी कुणाचेच पैसे माझ्या खात्यात घेतले नाहीत. चलन आम्ही काढू, भरायचं तुम्ही तुमच्या नेटबँकिंगमधून, कितीही मोठा क्लायंट असला तरी. यात एजन्सीचं काही बिघडत नाही, ज्याचं बिघडतं त्याच्याकडे काम देऊ नका.

तपासायचं कसं तर पाच मिनिटाचं काम आहे. चलनावर टीआरआरएन नंबर असतो, तो ईपीएफओच्या (पीएफ ऑफिसच्या) साईटवर टाकला की पैसे पोचले का नाही ते दिसतं. त्याहून सोपं म्हणजे त्याच साईटवर एस्टॅब्लिशमेंट सर्च आहे, त्यात कंपनीचं नाव किंवा कोड टाकायचा, कुठल्या महिन्याचे किती पैसे कुठल्या तारखेला जमा झाले आणि किती माणसांचे, सगळी यादी येते. लॉगिन लागत नाही, कुणालाही बघता येतं. पीएफ आणि ईएसआय दोन्हीची मुदत १५ तारीख, तर १६ तारखेच्या सकाळी चहा घेताघेता हे बघायची सवय लावा. आणि पोर्टलला मोबाईल नंबर कुणाचा जोडलाय ते आजच बघा. एजन्सीतल्या कुठल्यातरी मुलाचा असतो, तो नोकरी सोडतो, मग ओटीपी त्याच्या गावी जातो.

प्रश्न : मी घरगुती मसाले करते, सात बायका कामाला आहेत. मैत्रीण म्हणते तूपण एचआर एजन्सी लाव, बिझनेस प्रोफेशनल दिसतो. (सिडको)

दिसण्यासाठी नका लावू हो. सात जणींना पीएफ सक्तीचा नाही, त्याला २० लागतात, ईएसआयला १० लागतात. कामगार कल्याण निधी मात्र पाच माणसांपासून आहे, सहा महिन्याला तिचे २५ आणि तुमचे ७५ रुपये, जून आणि डिसेंबरच्या पगाराला. प्रोफेशनल टॅक्स बायकांना २५ हजार महिन्यापर्यंत लागत नाही, म्हणजे तुमच्याकडे कुणालाच लागत नसणार. तुमचा सीए वर्षातून दोनदा हे बघून देईल. तुम्ही एवढंच करा, प्रत्येकीला साधं अपॉइंटमेंट लेटर द्या, पगार बँकेतून करा आणि एक हजेरीची वही ठेवा जिच्यात त्या स्वतः सही करतील. माणसं आठ-नऊ झाली की परत लिहा.

प्रश्न : द्राक्षाचं पॅकहाऊस आहे, कायम १५ माणसं, सीझनला ६० बायका ठेकेदारामार्फत येतात. आमची एजन्सी म्हणते त्या टेंपररी आहेत, ठेकेदाराच्या आहेत, त्यांना पीएफ लागत नाही आणि १५ मुळं तुम्हालाही लागत नाही. बरोबर आहे ना? (पिंपळगाव बसवंत)

नाही. आणि हे सांगणाऱ्या एजन्सीला तुम्ही पैसे देताय याचं जास्त वाईट वाटलं.

पीएफच्या कायद्यात टेंपररी नावाची सवलतच नाही. माणूस रोजंदारीचा असो, सीझनचा असो, ठेकेदाराचा असो, तुमच्या जागेत तुमचं काम करत असेल तर २० च्या मोजणीत धरतात. जानेवारी ते एप्रिल तुमच्याकडे ७५ माणसं असतात, म्हणजे तुम्ही कायद्यात आलात, आणि एकदा आलात की पावसाळ्यात १५ राहिली म्हणून बाहेर पडता येत नाही. ठेकेदारानं त्याच्या कोडवर भरलं तर उत्तम, पण त्यानं नाही भरलं तर मूळ मालक म्हणून तुमच्याकडेच येतात. म्हणून ठेकेदाराचं बिल पास करायच्या आधी, मागच्या महिन्याचं भरलेलं चलन आणि त्यासोबत नावांची यादी मागायची, आणि ती यादी तुमच्या गेटच्या हजेरीशी लावून बघायची. नुसतं चलन बघू नका. त्याच्याकडे दहा ठिकाणच्या बायका असतात, चलन असतं चाळीस जणींचं, आणि ते एकच चलन तो दहा मालकांना दाखवतो. हे मी ऐकीव सांगत नाहीये, एका हंगामात मी स्वतः दोन शेजारशेजारच्या शेडमधे एकच कागद बघितलाय, वरच्या कोपऱ्यातला चहाचा डागसुद्धा तोच.

पॅकहाऊसचा अजून एक खास त्रास, नावं. आधारवर माहेरचं नाव, बँकेत सासरचं, रेशनकार्डवर तिसरंच, आणि सुपरवायझरच्या वहीत ‘मोठी मंगल’, ‘छोटी मंगल’. यूएएन आधारवरच्या नावानंच काढायचा, बाकी सगळं त्याच्याशी जुळवायचं, आणि हे डिसेंबरमधे करायचं, एकदा कंटेनर लागायला लागले की कुणाला वेळ नसतो. नाव चुकलेलं असलं की पैसे जमा होतात पण निघत नाहीत, मग पाच वर्षांनी ती बाई नाशिकला पीएफ ऑफिसमधे येऊन बसते, दिवसाची मजुरी बुडवून, एका वेलांटीसाठी.

ठेकेदाराच्या माणसांचे आधार, बँक पासबुकाचे फोटो तुमच्या आणि एजन्सीच्या व्हॉट्सॲप ग्रुपमधे फिरत असतील तर तेही थांबवा. साठ बायकांची कागदपत्रं आणि मोबाईल नंबर अशा ग्रुपमधे पडलेले, ज्यात कोण कोण आहे ते ॲडमिनलाही माहीत नाही! २०२३ चा डेटा संरक्षणाचा कायदा आहे, पण कायदा नसता तरी आपल्या घरातल्या बाईचं आधारकार्ड असं फिरलेलं चाललं असतं का?

प्रश्न : आमची १८ जणांची सॉफ्टवेअर कंपनी आहे. एजन्सी म्हणते पॉशची (कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाच्या तक्रारींची) कमिटी आम्ही पुरवतो, पाच हजार वर्षाला, तुम्हाला काही करायला नको. (गंगापूर रोड)

बाहेरचा सदस्य पुरवता येतो, कमिटी पुरवता येत नाही. २०१३ च्या कायद्यानं दहा किंवा जास्त माणसं असली की अंतर्गत समिती तुमची स्वतःची हवी, अध्यक्ष तुमच्याकडची वरिष्ठ पदावरची बाई, निम्म्याहून कमी बायका चालत नाहीत, आणि एक सदस्य बाहेरचा, या विषयात काम केलेला. एजन्सी ट्रेनिंग देईल, वार्षिक अहवालाचा मसुदा करून देईल, तेवढं घ्या. समिती नसेल तर ५० हजारापर्यंत दंड आहे, पण त्यापेक्षा असा विचार करा की तुमच्या ऑफिसातली बावीस वर्षाची मुलगी, तिला काही सांगायचंय, आणि भिंतीवर जी चार नावं लावलीत त्यातलं एकही माणूस तिनं कधी बघितलेलं नाही. ती सांगेल? ती रिझाईन करेल आणि कारण लिहील पर्सनल.

प्रश्न : २०२७ च्या सिंहस्थासाठी हॉटेलला ४० जादा माणसं लागतील. एजन्सीकडून घेतली तर पगार, पीएफ सगळं तेच बघतात, महाग पडेल का? (त्र्यंबक रोड)

महाग किती पडेल ते तुमचा जीएसटी कुठल्या दरात आहे यावर आहे, आणि हे एजन्सीवाला सांगत नाही. कारखानदाराला एजन्सीच्या बिलावरचा १८ टक्के जीएसटी परत मिळतो. तुमचं रेस्टॉरंट ५ टक्केवालं असेल तर तुम्हाला क्रेडिट नाही, तो खर्च अंगावर. ४० माणसं, १६ हजार पगार धरला तर ६ लाख ४० हजार महिना, त्यावर नुसता जीएसटीच १ लाख १५ हजार, पीएफ, ईएसआय आणि त्यांचं कमिशन धरलं की अजून वाढतो कारण तो पूर्ण बिलावर लागतो. तुमच्या जागी मी असते तर माणसं स्वतःच्या पटावर घेतली असती, ठराविक मुदतीच्या करारावर, सहा महिने तर सहा महिने असं स्पष्ट लिहून, आणि एजन्सीला फक्त माणसं शोधायचे आणि पगारपत्रकाचे पैसे दिले असते. मग १८ टक्के फक्त त्या फीवर.

शोधायच्या फीबद्दल, साधारण एका महिन्याचा पगार मागतात. द्यायला हरकत नाही पण निम्मे आत आल्यावर, निम्मे माणूस दोन-तीन महिने टिकल्यावर. आणि पोरांना एकट्याला घेऊन हळूच विचारा, तुझ्याकडून कुणी पैसे घेतले का रे इथं लावायचे? पेठ-सुरगाण्याकडून येणाऱ्या पोरांकडून दोन-दोन हजार घेतलेले मी बघितलेत, आणि मग तो पोरगा पहिल्या दिवसापासून तुमच्याच नावानं बोटं मोडत असतो. पर्वणीच्या आदल्या रात्री त्यानं काम टाकलं तर एजन्सीचा फोन काही तेव्हा लागत नाही.

प्रश्न : ताई मी मालक नाही, कामगार आहे. चार वर्षं एकाच कंपनीत काम करतोय पण स्लिपवर एजन्सीचं नाव असतं, दर ११ महिन्यांनी सही घेतात आणि नाव बदलून दुसऱ्या एजन्सीवर टाकतात. पीएफ कापतात. माझ्याकडे तीन यूएएन झालेत. माझे पैसे आहेत का गेले? (गोंदे)

भाऊ, तुझं पत्र शेवटी घेतलं कारण बाकी सगळ्यांनी ते वाचावं असं वाटलं. अकरा महिने म्हणजे घरभाड्याचा करार झाला, आणि माणसाला भाडेकरूसारखं ठेवायची ही पद्धत मला कधीच पटलेली नाही.

पैसे बहुतेक गेले नसतील, विखुरलेले असतील. यूएएन माणसाला एकच असतो, एजन्सी बदलली तरी तोच पुढं चालायला हवा, पण जुना नंबर विचारायचा कंटाळा म्हणून नवीन काढतात. जो यूएएन तुझ्या आधारला आणि मोबाईलला जोडलेला आहे तो धर, त्या मोबाईलवरून ९९६६०४४४२५ ला मिस्ड कॉल दे, फोन आपोआप कट होईल आणि शिल्लक मेसेजनं येईल, पैसे पडत नाहीत. मग पासबुक उघडून महिन्यामहिन्याचं बघ. तुझं पीएफचं वेतन १५ हजार धरत असतील तर तुझे १,८०० कापलेले आणि मालकाचे ५५० त्या पासबुकात दिसायला हवेत, मालकाचे उरलेले १,२५० पेन्शनला जातात ते वेगळ्या रकान्यात असतात, ते कमी दिसले म्हणून घाबरू नको. स्लिपवर कापलेत आणि पासबुकात नाहीत असे महिने एका कागदावर लिहून काढ.

बाकीच्या दोन नंबरांचे पैसे या नंबरात वळवून घ्यायचे, त्यासाठी जुन्या दोन्ही एजन्सींची एक्झिट डेट टाकलेली लागते. टाकली नसेल तर आधी त्यांना लेखी मेसेज कर, उत्तर नाही आलं तर ईपीएफओच्या तक्रार पोर्टलवर टाक, आणि तक्रारीत एजन्सीसोबत तू ज्या कंपनीत उभा राहून काम करतोस तिचंही नाव लिही. एजन्सीला तक्रारीची सवय असते, कंपनीला नसते.

नोकरी सुटली तर ‘४५ दिवसांनी फुल अँड फायनल’ हे आता ऐकून घेऊ नको, नवीन वेतन कोडमधे शेवटचा पगार दोन कामाच्या दिवसात द्यायचाय. ठराविक मुदतीच्या करारावरच्या माणसाला ग्रॅच्युइटीसाठी पाच वर्षं थांबावं लागत नाही, एक वर्ष पुरतं, आणि बरोब्बर अकराव्या महिन्यात सही का घेतात ते तुला आता कळलंच असेल. तेव्हा चारही वर्षांच्या स्लिपा, गेटपास, कॅन्टीनची कुपनं, कंपनीचं नाव असलेला शर्ट घातलेले फोटो, जे जे तुला सलग तिथंच होतास असं दाखवतं ते सगळं एका पिशवीत घालून घरी ठेव, कंपनीच्या लॉकरमधे नको. ती पिशवी घेऊन सातपूरला उद्योग भवनात कामगार आयुक्तांच्या ऑफिसला जा, सोमवारी गर्दी असते, मंगळवारी जा.